एकतिसावा खेळ

२०१६ सालच्या नोव्हेंबर महिन्यात निंटेंडो ह्या जपानी कंपनीने तळहातावर मावेल एवढी एक पेटी विकावयास काढली. टीव्हीला जोडून खेळावयाच्या आपल्याच एका जुन्या यंत्राची ती हुबेहूब, पण लहान अशी प्रतिकृती होती. पाश्चात्त्य देशांत तिचा रंग करडा होता, जपानात पांढरा व तांबडा. अमेरिकेत किंमत साठ डॉलर. पेटीत तीस खेळ कायमचे भरलेले होते आणि एकतिसावा खेळ घालण्याची कोणतीही सोय तीत ठेवलेली नव्हती. दोनएक महिने लोटले आणि लोकांनी तो एकतिसावा खेळ तीत घातला. पुढे तर शेकडो घातले.

खेळण्यातल्या पेटीची ही हकीकत वसंत व्याख्यानमालेच्या व्यासपीठावरून सांगण्याचे कारण काय, असे कोणी विचारील, आणि ते विचारणे रास्तच आहे. आमचे उत्तर असे की, ही पेटी खेळ विकण्यासाठी काढलेली नव्हतीच. ती आठवण विकण्यासाठी काढलेली होती. आता आठवण जेव्हा दुकानात विकत मिळू लागते, तेव्हा तिच्यात काय ठेवावयाचे आणि काय गाळावयाचे हे कोणी ठरवावे? विकणाऱ्याने, की ज्याची ती आठवण आहे त्याने? हा प्रश्न केवळ मुलांचा नाही. त्याचा उलगडा करावयाचा तर थोडे मागे जाणे भाग आहे.

निंटेंडोची स्थापना १८८९ साली क्योटो शहरात झाली. फुसाजिरो यामाउची ह्या गृहस्थाने फुलापानांची चित्रे असलेले ‘हानाफुडा’ नावाचे पत्ते बनविण्याचा धंदा तेव्हा सुरू केला. हे हानाफुडा नाव श्रोत्यांनी ध्यानात ठेवावे. त्याच्याशी पुन्हा गाठ पडणार आहे. पत्त्यांवरून खेळण्यांकडे आणि खेळण्यांवरून विजेच्या खेळांकडे वळता वळता ह्या कंपनीने १५ जुलै १९८३ रोजी जपानात ‘फॅमिली कॉम्प्युटर’, म्हणजेच लोकांच्या तोंडी रुळलेला ‘फॅमिकॉम’, बाजारात आणला. मासायुकी उएमुरा ह्या अभियंत्याच्या देखरेखीखाली त्याची घडण झाली. हे यंत्र स्वतः रिकामे होते. खेळ असे तो वेगळ्या कॅसेटमध्ये. कॅसेट बदलली की खेळ बदलला. तेव्हा घरात कोणते खेळ असावेत हे घरच्यांनी ठरवावयाचे, असाच ह्या रचनेचा अर्थ होता.

परंतु हा अर्थ कंपनीला पुरतेपणी मानवणारा नव्हता. जपानी यंत्राला कुलूप नव्हते. कोणाही कारखानदाराने कॅसेट बनवावी आणि ती त्यात चालावी, अशी स्थिती होती. इकडे १९८३ सालीच अमेरिकेत विजेच्या खेळांचा बाजार कोसळला. हलक्या प्रतीच्या खेळांचा बाजारात सुळसुळाट झाला, हे त्याचे एक मोठे कारण होते. म्हणून १९८५ मध्ये हेच यंत्र ‘निंटेंडो एंटरटेनमेंट सिस्टिम’ ह्या नावाने अमेरिकेत नेताना कंपनीने त्यात एक चिप बसविली. तिची जोडीदारीण प्रत्येक अधिकृत कॅसेटमध्ये असे. एक कुलूप, दुसरी किल्ली. दोघींची खूण पटली तरच खेळ चालू राहावयाचा. बाहेरच्या कंपन्यांनी वर्षाला पाचच खेळ काढावेत अशीही मर्यादा घातली गेली. म्हणजे अमेरिकन ग्राहकाच्या घरात कोणते खेळ शिरू शकतील, ह्याची चौकी आता क्योटोच्या हाती आली.

चौकी बसली की आडवाटा शोधणारेही निघतात. दोन प्रकरणे न्यायालयापर्यंत गेली आणि दोहोंचे निकाल अपील न्यायालयांत १९९२ सालीच लागले. पहिले अटारी गेम्स ह्या कंपनीचे. तिने परवान्याशिवाय कॅसेटी काढण्यासाठी कुलपाच्या चिपेतील प्रोग्राम मिळविला. पण तो कसा? अमेरिकेच्या कॉपीराइट कचेरीत नोंदीसाठी ठेवलेली त्याची प्रत, आपल्याला न्यायालयातील कामासाठी हवी आहे असे खोटे सांगून तिच्या वकिलांनी हस्तगत केली. न्यायालयाने निकाल निंटेंडोच्या बाजूने दिला. मात्र तो देताना, रीतसर हाती आलेली वस्तू उघडून तिचे मर्म समजून घेणे हे स्वतःहून गैर नव्हे, असेही त्याने म्हटले.

दुसरे प्रकरण ‘गेम जिनी’ नावाच्या एका लहानशा उपकरणाचे. यंत्र आणि कॅसेट ह्यांच्यामध्ये ते बसवावयाचे. त्यायोगे खेळणाऱ्याला जास्तीचे प्राण मिळत किंवा त्याची उडी उंच होई. निंटेंडोने हरकत घेतली की, ही आमच्या कृतीची मोडतोड आहे. न्यायालयाला ते पटले नाही. उपकरण काढून घेतले की कॅसेट जशीच्या तशी राहते, तिच्यात कायमचा बदल होत नाही, त्यामुळे येथे नवी कृती निर्माण झालेली नाही, असे ठरले. हे दोन निकाल आमच्या विवेचनाचे दोन खांब आहेत. हाती आलेली वस्तू कोणत्या मार्गाने आली, आणि मूळ वस्तू शाबूत राहिली की नाही, अशा दोन कसोट्या त्यांतून हाती येतात. कायद्याचे पंडित त्यांत आणखी बारकावे काढतील. सामान्य नागरिकाला एवढ्यावर पुष्कळ काम भागविता येते.

ही सारी कुलपे-किल्ल्यांची कथा चालू होती तेव्हा आपल्याकडे काय चालले होते? १९९० नंतरच्या दशकात महाराष्ट्रातल्या पुष्कळ घरांत ‘टीव्ही गेम’ आला. त्यातली बहुतेक यंत्रे निंटेंडोची नव्हती. फॅमिकॉमवर बेतलेल्या पूर्वेकडच्या स्वस्त नकला होत्या. त्यांत कुलूपच नव्हते. कॅसेटीवर ‘९९९९ खेळ एकात’ असे ठळक छापलेले असे. प्रत्यक्षात वीस-पंचवीस खेळांचीच नावे फिरवून फिरवून ती यादी लांबविलेली असावयाची. मारिओ, कॉन्ट्रा, बदकांची शिकार हे सर्व आम्ही असेच पाहिले, कॅसेटीत फुंकर मारून ती पुन्हा बसवीत. एका खोक्यात मावतील तितके खेळ भरावेत ही हौस, म्हणजे २०१७ सालची नवलाई नव्हे. ती आमच्या दिवाणखान्यात पूर्वीच येऊन गेलेली होती. रशियातही हाच प्रकार झाला. तेथे १९९२ च्या अखेरीस ‘डेंडी’ नावाने अशीच नक्कल निघाली आणि एका पिढीच्या लेखी टीव्हीवरचा खेळ म्हणजे डेंडीच, असे समीकरण होऊन बसले. आपल्याकडे काय, रशियात काय, मूळ यंत्र फारसे कोणी पाहिलेच नव्हते. आठवण मात्र खरी होती.

आता २०१६ च्या पेटीकडे परत येऊ. बाहेरून ती जुनी दिसे, आतून मात्र सर्वस्वी नवी होती. तिच्यात ऑलविनर ह्या चिनी कंपनीची चार गाभ्यांची चिप होती, २५६ मेगाबाइट कामचलाऊ स्मृती होती, ५१२ मेगाबाइटचे साठवणुकीचे कोठार होते, आणि हे सर्व चालविणारी प्रणाली होती लिनक्स, जी जगभरच्या प्रोग्रामरांनी मिळून घडविली आहे व जिचा गाभा कोणासही पाहावयास खुला आहे. जुना खेळ नव्या चिपेवर जसाच्या तसा चालत नाही. त्यासाठी एम्युलेटर लागतो. एम्युलेटर म्हणजे एक बहुरूपीच म्हणा ना. नव्या यंत्राकडून तो जुन्या यंत्राचे सोंग इतके बेमालूम वठवून घेतो की, खेळाला आपण फॅमिकॉममध्येच आहोत असे वाटावे. हा बहुरूपी निंटेंडोच्या पॅरिस येथील शाखेने तयार केला होता.

येथे एक लहानसे गणित करून पाहण्यासारखे आहे. १९८५ चा ‘सुपर मारिओ ब्रदर्स’ हा जगप्रसिद्ध खेळ अवघ्या ४० किलोबाइटचा. ५१२ मेगाबाइटच्या कोठारात असे तेरा हजार खेळ मावावेत! प्रणालीने अडविलेली जागा वजा केली, मोठे खेळ धरले, तरी शेकडो खेळांना जागा उरतेच. म्हणजे तीस ही संख्या जागेच्या टंचाईतून आलेली नव्हती. ती कंपनीने आखलेली रेघ होती. ह्याला आणखी एक पुरावा आहे. जपानी पेटीतले तीस आणि पाश्चात्त्य पेटीतले तीस खेळ सारखे नव्हते. बावीस समान, आणि आठ-आठ निराळे. पुढे जुलै २०१८ मध्ये जपानात एका प्रसिद्ध चित्रकथा-साप्ताहिकाच्या स्मरणार्थ हीच पेटी सोनेरी रंगात निघाली, तेव्हा तीत वीसच खेळ होते आणि यादी पुष्कळशी निराळी होती. यंत्र तेच, आठवण वेगळी. आठवणीची यादी कोणीतरी करतो, ती आपोआप होत नाही, हे ह्याहून स्पष्ट कसे व्हावे?

ही यादी लोकांनी वाढविली ती कशी, हेही समजून घेतले पाहिजे. त्या चिपेत एक मागचे दार होते. ते कोणी फोडलेले नव्हते. कोऱ्या पेटीत कारखान्यात पहिल्यांदा प्रोग्राम भरता यावा, बिघडलेली पेटी सुधारता यावी, म्हणून चिप बनविणाऱ्यांनीच ते ठेवलेले होते. पेटी यूएसबी केबलने संगणकाला जोडावयाची, ‘रीसेट’चे बटण दाबून धरावयाचे आणि त्याच वेळी चालू करण्याचे बटण दाबावयाचे, की चिप नेहमीचे काम बाजूला ठेवून संगणकाच्या आज्ञेची वाट पाहू लागे. जानेवारी २०१७ मध्ये ह्या दाराचा उपयोग करणारा ‘हाकची’ नावाचा प्रोग्राम प्रसिद्ध झाला आणि पाठोपाठ एका रशियन प्रोग्रामराने त्याला सामान्य माणसास वापरता येईल असे सोपे रूप दिले. त्यातली पहिली पायरी आम्हांला विशेष लक्षणीय वाटते. काहीही बदलण्यापूर्वी पेटीतला मूळ कर्नल, म्हणजे प्रणालीचा गाभा, उतरवून आपल्या संगणकावर जपून ठेवावयाचा. नंतर बदललेला गाभा पेटीत घालावयाचा, आणि मग खेळ. पुढेमागे मन बदलले तर मूळ गाभा परत बसवून पेटी पूर्ववत करता येई.

नुसता खेळ आत घातला म्हणजे तो चालतो, असेही नव्हते. जुन्या कॅसेटींमध्ये खेळाबरोबर कित्येकदा खास चिपाही असत आणि त्या निरनिराळ्या जातींच्या असत. कंपनीच्या बहुरूप्याला त्यांतली ठरावीक सोंगेच येत. बाकीच्यांसाठी लोकांनी दुसरे, मुक्तपणे उपलब्ध असलेले एम्युलेटर पेटीत आणून बसविले. एवढा खटाटोप करणाऱ्यांना केवळ फुकटे म्हणून मोकळे होणे अन्यायाचे होईल.

आणि ह्या खटाटोपात त्यांना एक चिठ्ठी सापडली. पेटी निघाली त्याच महिन्यात काहींनी तिच्या पोटातला मजकूर वाचून पाहिला होता. प्रणालीच्या अंतर्भागात, जेथे खेळणाऱ्याची दृष्टी कधीच पोचावयाची नव्हती, तेथे कोणा अनामिक कारागिराने इंग्रजीत चार ओळी लिहून ठेवल्या होत्या. आपण ‘हानाफुडा कप्तान’ बोलत आहोत, अशी त्याने ओळख दिली होती. ह्या रत्नासाठी पुष्कळ कष्ट, अश्रू आणि असंख्य तास खर्ची पडले आहेत. तेव्हा कृपा करून ही जागा नीटनेटकी ठेवा आणि सगळे मोडून टाकू नका, असा त्याचा आशय होता. क्योटोच्या पत्त्यांचे नाव घेऊन लिहिणाऱ्या ह्या कप्तानाने आत कोणी येणारच हे गृहीत धरले होते. त्याने पाहुण्याला दटावले नाही, फक्त जागा आवरून ठेवण्याची विनंती केली.

तीन महिन्यांनी, एप्रिल २०१७ मध्ये, कंपनीने पेटीचे उत्पादन थांबविले. तोवर तेवीस लाख पेट्या विकल्या गेल्या होत्या आणि तरीही दुकानांतून ती मिळत नव्हती. जून २०१८ च्या अखेरीस ती पुन्हा विक्रीस आली, खेळ मात्र तेच तीस. मध्यंतरी सप्टेंबर २०१७ मध्ये पुढच्या पिढीच्या यंत्राची एकवीस खेळांची प्रतिकृती निघाली. तीत ‘स्टार फॉक्स २’ हा खेळ होता. १९९५ च्या सुमारास तयार होऊनही तो कंपनीने कधी विक्रीस काढलाच नव्हता. बावीस वर्षांनी त्याने प्रथमच अधिकृतपणे उजेड पाहिला. मात्र मधल्या काळात त्याच्या अपुऱ्या प्रती चाहत्यांकडे फिरत होत्या आणि त्यांनी त्या जपल्याही होत्या. डिसेंबर २०१८ मध्ये सोनीने वीस खेळांची आपली पेटी आणली. ती तर थोड्या दिवसांतच उघडली गेली, कारण तिची किल्ली पेटीतच राहून गेली होती. गंमत अशी की, तीत सोनीने वापरलेला एम्युलेटर स्वतःचा नव्हता. बाहेरच्या हौशी प्रोग्रामरांनी घडविलेला, मुक्त परवान्याचा होता. ह्याच सोनीने पूर्वी कनेक्टिक्स नावाच्या कंपनीला तिच्या एम्युलेटरवरून न्यायालयात खेचले होते आणि २००० साली अपिलात हार खाल्ली होती. काल ज्याला चोर म्हटले, त्याच्याच जातभाईच्या खांद्यावर आज पालखी दिली, असे हे झाले.

मग ह्यात योग्य काय आणि अयोग्य काय? कंपनीच्या बाजूनेही बोलण्यासारखे पुष्कळ आहे. खेळ बनविणारे लेखक, चित्रकार, संगीतकार ह्यांच्या श्रमांचे मोल असते. ते बुडविण्याचा हक्क हौसेने मिळत नाही. शेकडो खेळ भरलेल्या पेट्या जादा दराने विकणारेही पुढे निघाले. त्यांचे समर्थन आम्ही करणार नाही. दुसऱ्याच्या शेतातले धान्य आपल्या मापाने विकावे, तशातलीच ती गोष्ट. उलट, ज्याने पूर्वी कॅसेट रोख पैसे देऊन घेतली आहे, ती अजून ज्याच्या कपाटात आहे, त्याने तिची प्रत काढून आपल्याच पेटीत घातली, तर त्याला त्याच रांगेत उभे करणे आम्हांला जड जाते. आपल्याकडच्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यातही, वैध रीतीने प्रोग्राम बाळगणाऱ्याला नुकसानीपासून संरक्षण म्हणून प्रत काढण्याची मुभा कलम ५२ ने दिलेली आहे. तीत किती बसते आणि किती बसत नाही हा न्यायाधीशांचा विषय; पण मालक आणि चोर ह्यांत कायदाही फरक करतो, एवढे त्यावरून दिसते.

ह्याहून मोठा प्रश्न आहे तो नाहीशा होणाऱ्या खेळांचा. जुलै २०२३ मध्ये अमेरिकेतील व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशन आणि सॉफ्टवेअर प्रिझर्व्हेशन नेटवर्क ह्या दोन संस्थांनी पाहणी प्रसिद्ध केली. २०१० पूर्वी त्या देशात निघालेल्या जुन्या खेळांपैकी शंभरातले सत्याऐंशी आज बाजारात विकत मिळत नाहीत, असे तीत आढळले. जुने खेळ विकणारे निंटेंडोचे एक इंटरनेट-दुकान जानेवारी २०१९ मध्ये बंद झाले, आणखी दोन मार्च २०२३ मध्ये. पुस्तक दुर्मीळ झाले तरी ग्रंथालयात सापडते. खेळाला असे ग्रंथालय अजून पुरतेपणी लाभलेले नाही. अशा स्थितीत तीस खेळांची अधिकृत यादी हाच इतिहास, असे मानले गेले, तर बाकीचे शेकडो खेळ हळूहळू विस्मृतीत जातील. एकतिसावा खेळ घालणाऱ्याने, त्याच्या मनात असो वा नसो, त्या विस्मृतीला थोडा अटकाव केला आहे.

तथापि भर घालणाऱ्यावरही एक जबाबदारी येते. पोथ्यांच्या इतिहासात आपण हे पाहिलेले आहे. नकलनविसांनी पदरच्या ओव्या घातल्या, मूळ पाठ झाकला गेला, आणि मग शके १५०६ मध्ये एकनाथांना ज्ञानेश्वरीची शुद्ध प्रत सिद्ध करावी लागली. त्यांनी निरनिराळ्या पोथ्या ताडून पाहिल्या म्हणून मूळ पाठापर्यंत पोचता आले. त्या ‘९९९९ खेळां’च्या कॅसेटीतही असाच घोटाळा होता, नावे बदललेली, खेळ कापलेले, कर्त्याचा पत्ता पुसलेला. त्यातून आमचे मनोरंजन झाले, पण कोणता खेळ कोणी केला हे कळावयास पुढे वीस वर्षे लागली. ‘हाकची’ची पहिली पायरी आम्हांला मोलाची वाटते ती ह्यासाठी. आधी मूळ जपून ठेवा, मग भर घाला. आणि भर घातलेली वस्तू कोठून आली, तिचा कर्ता कोण, हे विसरू नका.

१९९२ च्या दोन कसोट्या ह्या लहानशा पेटीलाही लागू पडतात, त्या अशा. मूळ शाबूत आहे काय? आणि जे आत आणले ते सरळ मार्गाने आणले काय? दोहोंचे उत्तर ‘होय’ असेल, तर एकतिसावा खेळ घालणाऱ्याने ओशाळे होण्याचे कारण नाही. आठवण त्याची आहे, आणि तिची यादी पुरी करण्याचा त्याला अधिकार आहे. उत्तर ‘नाही’ असेल, तर कुलूप नव्हते, दार उघडेच होते, ही सबब पुरेशी नाही. दार उघडे ठेवून त्या अनामिक कप्तानाने एवढेच मागितले होते की, आत याल तर जागा नीट ठेवा. ते मागणे अवाजवी होते, असे आम्हांला वाटत नाही.